बुटाची लेस बांधायला शिकवायचं कसं? (दुसरी-तिसरीची लेकरं, आख्खा वर्ग)

शिवारातले_गुरुजी
नमस्कार मंडळी.
औसा तालुक्यात जिल्हा परिषदेच्या शाळेवर आहे. माझ्याकडं दुसरी-तिसरीचा एकत्र वर्ग. २०२३ पासून गणवेशासोबत एक जोडी बूट आणि दोन जोडी पायमोजे मिळतात, लेकरामागं १७० रुपये, हे इथं बऱ्याच जणांना माहीत असेल. यंदा शाळा व्यवस्थापन समितीनं काळे, लेसचे बूट घेतले. बूट चांगले आहेत, त्याबद्दल काही म्हणणं नाही.

अडचण लेसची आहे. आमच्या लेकरांचे पाय जन्मापासून चपलेत, नाहीतर मोकळेच. परिपाठाला बूट घालायचे, वर्गात शिरताना दाराशी काढायचे, खिचडीच्या सुट्टीत घालायचे, परत काढायचे, खेळाच्या तासाला परत घालायचे. दर वेळी माझ्यासमोर रांग. "सर, माझी लेस." एक पाय पुढं केलेला, नजर मैदानावर.

लेकरांनी आपापले तोडगे काढलेत. एकानं लेस काढून घरीच ठेवली. एकजण दोन्ही टोकं बुटात कोंबतो, मग तळपायाला टोचतात म्हणून लंगडतो. पाच-सहा जणांच्या आयांनी जूनमध्येच करकचून निरगाठ मारून दिली आहे, ती पोरं टाच चेपून बूट सपातासारखे फरफटत नेतात. तिसरीतली एक मुलगी मात्र पटापट सगळ्यांच्या लेस बांधून देते, पण एक गोळी घेतल्याशिवाय खाली वाकत नाही.

दोन प्रश्न आहेत.
एक, एवढ्या लेकरांना एकाच वेळी शिकवायची काही पद्धत आहे का?
दोन, मी सगळ्यांची लेस सारखीच बांधतो, सारखीच ओढतो. तरी काहींची संध्याकाळपर्यंत जागची हलत नाही आणि काहींची प्रतिज्ञा संपेस्तोवर सुटते. बूट एकाच पेटीतले, लेस एकाच गठ्ठ्यातली. हे काय गौडबंगाल आहे?

टवाळ_कार्टं
चपला घाला म्हणावं. विषय कट.

हवालदार_निवृत्त
गुरुजी, डबल गाठ. फुलावर अजून एक गाठ मारून टाका, संध्याकाळपर्यंत बघायचं काम नाही. फौजेत पंचवीस वर्षं बूट घातले. परेडला लेसची टोकं आत खोचलेली पाहिजेत, बाहेर लोंबताना दिसली की शिक्षा. लेकरांना दोन दिवस दटावून करून घ्या, तिसऱ्या दिवशी आपोआप येतं.

शिवारातले_गुरुजी
हवालदार साहेब, डबल गाठ करून बघितली. बांधायला सोपी आहे, पण सोडणार कोण? सात वर्षांच्या लेकराच्या नखात तेवढा जोर नसतो. मग दात लावतात. दिवसभर शेणामातीतून फिरलेली लेस तोंडात. आणि आमच्याकडं दिवसातून चार-पाच वेळा बूट काढावे लागतात, फौजेसारखे सकाळी घालून रात्री काढायचे नसतात. दटावायचं वय तर माझंही राहिलं नाही आता.

गोलाईचा_गडी
सर, लातूरला गोलाईत आमचं फूटवेअरचं दुकान आहे. एक विचारू का, लेस चपटी आहे का गोल? गोल पॉलिस्टरची असंल तर ती सुटणारच. गुळगुळीत असती, गाठीत धरत नाही. चपटी सुती लेस टाकून बघा, लई फरक पडतो. आमच्याकडं आई-बाप बूट परत घेऊन येतात, "सारखी लेस सुटायली" म्हणून. बुटाचा दोष नसतोच बहुतेक वेळा. लेस बदलून देतो, खुश होऊन जातात.

शिवारातले_गुरुजी
लेस चपटीच आहे. सुती का पॉलिस्टर ते उद्या बघून सांगतो. पण सगळ्यांची एकच आहे ना भाऊ, मग काहींचीच का सुटावी?

गंगाखेडची_मंगल
गुरुजी, तुमच्या त्या गोळीवाल्या मुलीला दोन वेण्या आहेत का? रिबिनी बांधते का?
विचारायचं कारण, लेसचं फूल आणि रिबिनीचं फूल एकच. आमच्या शाळेत सोमवारी लाल रिबीन नसली की छडी होती, आणि आईला रानात जायची घाई. त्यामुळं बहिणी-बहिणी एकमेकींच्या बांधायचो. दुसरीतच येत होतं मला. पहिले बूट पायात पडले ते थेट कॉलेजात एनसीसीला, पण लेस कुणी शिकवावी लागली नाही. सोबतची मुलं चाचपडत होती.
तुमच्या वर्गातल्या मुलींना आधी उभं करा. अर्ध्या वर्गाला येत असणार, त्यांना फक्त हे तेच आहे हे माहीत नाही.

शिवारातले_गुरुजी
मंगलताई, दंडवत घ्या. दोन वेण्या, लाल रिबीन, अगदी तसंच. धाकट्या बहिणीचीही तीच बांधते म्हणे.

टवाळ_कार्टं
म्हणजे मुलांना पण वेण्या घाला आता :)

नांदेडी_इंजिनियर
गुरुजी, तुमच्या दुसऱ्या प्रश्नावर एक उलटप्रश्न. लेस पहिल्यापासून शेवटपर्यंत तुम्हीच बांधता का? की पहिली साधी गाठ (दोन टोकं एकमेकांवर टाकून, एक खालून काढून ओढतात ती) लेकरं स्वतः मारून आणतात आणि तुम्ही वरचं फूल तेवढं बांधता?

शिवारातले_गुरुजी
हो, पहिली गाठ तीच मारतात. तेवढी सगळ्यांना येते. पोत्याला, बोचक्याला मारतातच की. मी वरचं फूल करतो. का बरं?

नांदेडी_इंजिनियर
मग सापडलं तुमचं गौडबंगाल. जरा सविस्तर लिहितो.

लेसची गाठ म्हणजे दोन अर्ध्या गाठी, एकीवर एक. पहिली साधी, दुसरी फुलाची. या दोन्ही एकमेकींच्या उलट दिशेनं पडायला हव्यात. पहिल्या वेळी डावी लेस वर आली असेल तर दुसऱ्या वेळी उजवी वर यायला पाहिजे. अशी बांधली की गाठ चपटी बसते, एकमेकींना धरून ठेवते. दोन्ही वेळा एकच बाजू वर आली तर गाठ पिळवटलेली बसते आणि पाय हलेल तशी सैल होत जाते.

तुमचा हात सवयीचा आहे, फूल दर वेळी एकाच दिशेनं पडतं. पण खालची गाठ लेकराची. कुणी डावी वर टाकतं, कुणी उजवी. तुमच्या फुलाशी जिची दिशा उलटी, तिची टिकते. जिची तीच, तिची प्रतिज्ञेतच सुटते.

ओळखायची खूण सोपी आहे. बांधल्यावर दोन चार पावलं चालायला लावा आणि वरून बघा. फुलाच्या दोन पाकळ्या बुटावर आडव्या, म्हणजे डावी-उजवीकडं पडल्या असतील तर गाठ बरोबर. पाकळ्या उभ्या झाल्या, एक बोटांकडं आणि एक घोट्याकडं, तर गाठ कच्ची. कच्ची असेल तर फूल बांधायची सवय बदलायची गरज नाही. फक्त पहिली गाठ उलट्या बाजूनं मारायची.

गंगाखेडची_मंगल
आमची आजी रिबिनीचं फूल उभं पडलं की सोडून परत बांधायला लावायची. "वाकडं दिसतंय" एवढंच म्हणायची. वाकडं आणि कच्चं एकच होतं तर!

वाचनमात्र_परभणी
वाखु (वाचनखूण) साठवली. आत्ता खाली वाकून स्वतःचे बूट बघून आलो. उभी आहे. ४७ वय.

काळी_माती
आम्ही बैल दाव्याला बांधताना खुंट्याला कधी निरगाठ मारत नाही. सुरगाठच. बैल कितीबी हिसडे मारू द्या, आवळत जाती. पण गोठ्यात काही इपरीत झालं, आग लागली, दोन बैल भिडले, तर मोकळं टोक धरून एक हिसका दिला की खुली. डबल गाठ मारणाऱ्याला आमच्या वडलांनी गोठ्यात ठेवलं नसतं. हवालदार साहेब, राग मानू नका.

हवालदार_निवृत्त
राग कशाचा. पण बैलाला पळत १६०० मीटर मारायचं नसतं, बापू.

हाताला_काम
नमस्कार. छत्रपती संभाजीनगरला मुलांची ऑक्युपेशनल थेरपिस्ट म्हणून काम करते, म्हणजे मुलांना रोजची हातांची कामं जमावीत म्हणून सराव करून घेते. गुरुजींच्या पहिल्या प्रश्नावर लिहिते, लांबेल थोडं.

पहिली गोष्ट, घाई नको. बहुतेक मुलांना लेस पाच ते सात वर्षांच्या दरम्यान जमते, काहींना आणखी उशिरा. त्यात दोन्ही हातांना एकाच वेळी वेगवेगळी कामं करायची असतात. एकानं धरून ठेवायचं, दुसऱ्यानं फिरवायचं. तुमच्या मुलांनी आजवर लेसचा बूट पाहिलाच नव्हता, त्यामुळं आठ वर्षांच्या मुलाला येत नसेल तर त्यात काही कमी नाही.

दुसरी, समोर बसून शिकवू नका. आपण सगळे तेच करतो आणि मुलाला सगळं उलटं दिसतं. त्याच्या शेजारी बसा, बुटाचं तोंड तुमच्याकडून आणि त्याच्याकडून एकाच दिशेला, पुढं. सुरुवातीला बूट पायात नकोच. वाकून, गुडघा छातीशी घेऊन, तोल सांभाळत बोटांचं काम शिकणं अवघड जातं. बूट मांडीवर किंवा पाटावर ठेवा. वर्गाला दाखवायचं तर तुम्ही वर्गाकडं पाठ करून उभं राहा आणि मोठा पुठ्ठा भिंतीला टेकवून त्यावर दाखवा. पुठ्ठ्याला भोकं पाडून त्यात सुतळी ओवली तरी चालते.

तिसरी, दोन रंगांच्या लेस. एक लाल, एक पिवळी, अर्धी अर्धी कापून खालच्या भोकापाशी आत एकमेकींना गाठ मारायची. मग "ही ह्याच्यावर" असं बोट दाखवत बसावं लागत नाही. "पिवळी लालवर" म्हटलं की तीस मुलांना एकदम कळतं.

चौथी, आणि माझ्या मते सगळ्यात महत्त्वाची, शेवटापासून शिकवा. आपण पहिल्या पायरीपासून शिकवतो. मूल दोन पायऱ्या करतं, तिसरीला अडतं, पसारा होतो, बूट भिरकावून देतं. त्याऐवजी सगळं तुम्ही करा आणि शेवटचं ओढणं तेवढं मुलाला द्या. दोन पाकळ्या धरल्या, ओढल्या, फूल झालं. दर वेळी काम त्याच्या हातून पूर्ण होतं. ते जमलं की त्याच्या आधीची पायरी द्या, मग तिच्या आधीची. पहिली साधी गाठ तुमच्या मुलांना येतेच, म्हणजे दोन्ही टोकं तुमच्या हातात आहेत, मधलंच शिकवायचं आहे.

पद्धत दोन कानांची घ्या. पहिली गाठ मारून झाली की दोन्ही लेसचा एकेक कान करायचा, सशाचा म्हणा की शेळीचा. कान मुलाच्या बोटाएवढाच लांब, मोठा केला की पायात येतो. बुडाशी चिमटीत घट्ट धरायचा. आता उजवा कान डाव्यावर टाकायचा, तोच खाली वळवून मधल्या भोकातून काढायचा आणि दोन्ही ओढायचे. इंजिनियर साहेबांचा नियम यात सहज बसतो. पहिल्या गाठीत डावी वर, दुसऱ्या वेळी उजवा कान वर. "डावी वर, उजवा वर" असं वर्गाकडून एका सुरात म्हणून घ्या, पाढ्यासारखं.

कान करेपर्यंत पहिली गाठ सैल पडते आणि मुलं वैतागतात. त्यावर उपाय म्हणजे पहिल्या गाठीत लेसला एकाऐवजी दोन पीळ द्यायचे. ती धरून राहते.

उदगीरची_डावरी
हाताला_काम ताई, एक भर घालते. मी डावखुरी, लेकही डावखुरी, नवरा उजवा. नवऱ्यानं शेजारी बसून शिकवलं, तिला काही केल्या जमेना, रडारड. मी तिच्याशेजारी बसले आणि एका बैठकीत जमलं. उजव्या माणसाला डावखुरं मूल शिकवायचं असेल तर मात्र समोरच बसावं, आरशासारखं. गुरुजी, वर्गात डावरी किती आहेत बघा, त्यांच्यापुरतं तुम्ही समोर बसा.

हाताला_काम
अगदी बरोबर, ते राहिलंच होतं लिहायचं. डावखुऱ्यांनी नियमही उलटा केला तर बिघडत नाही. पहिल्यांदा उजवी वर, मग डावा कान वर. दोन्ही वेळा वेगवेगळी बाजू वर आली पाहिजे, एवढंच.

ग्राउंड_मारतो
माझं जरा वेगळं. पोलीस भरतीची तयारी चालू हाय, रोज येरवाळी पाचला ग्राउंडवर. १६०० मीटर मारायलो की तिसऱ्या राउंडला लेस सुटती. थांबलं तर टायमिंग गेलं, नाही थांबलं तर तोंडावर पडायची भीती. डबल गाठ मारली तर सुटत नाही पण बूट पाय आवळतो. काय करावं?

टवाळ_कार्टं
उसेन बोल्टची पण सुटली होती. २००८, बीजिंग, १०० मीटर फायनल. डाव्या बुटाची लेस लोंबत होती आणि गड्यानं ९.६९ मध्ये विश्वविक्रम केला, वर शेवटी छाती बडवत. तू पण मार.

हवालदार_निवृत्त
बोल्टला १०० मीटर पळायचं होतं. ह्याला सोळाशे. पोरांना नको ते शिकवू नको.
ग्राउंड_मारतो, तुझी गाठ उभी पडते का आडवी ते आधी बघ. मग शेवटच्या भोकाचं काम कर. पळायच्या बुटाला सगळ्यात वर एक जादा भोक असतं, घोट्याजवळ, आपली पोरं ते मोकळंच सोडतात. लेस त्या भोकातून त्याच बाजूनं आत घाल, बाहेरून एक लहान फास तयार होतो. दोन्ही बाजूंना असा फास कर. मग डावं टोक उजव्या फासातून आणि उजवं टोक डाव्या फासातून काढून खाली ओढ, आणि मग नेहमीची गाठ मार. टाच आत घट्ट बसते, वर-खाली सरकत नाही, मग लेस करकचून आवळायची गरज राहत नाही.

नांदेडी_इंजिनियर
हवालदार साहेबांशी सहमत. पळताना लेस का सुटते यावर बर्कलीच्या कॅलिफोर्निया विद्यापीठात अभ्यास झाला आहे, २०१७ मध्ये प्रसिद्ध झाला. ऑलिव्हर ओरायली, क्रिस्टीन ग्रेग आणि ख्रिस्तोफर डेली-डायमंड असे तिघे. त्यांनी ट्रेडमिलवर पळणाऱ्या बुटाचं स्लो मोशनमध्ये चित्रण केलं. पाय जमिनीवर आदळतो तेव्हा गाठीला गुरुत्वाकर्षणाच्या सातपट धक्का बसतो, गाठ ताणते आणि सैल होते. तोच पाय पुढं फेकला जातो तेव्हा लेसची मोकळी टोकं चाबकासारखी बाहेर झटकतात आणि लेस ओढून काढतात. बराच वेळ काहीच होत नाही, आणि सुटायला लागली की दोन-चार पावलांत खलास. खुर्चीत बसून नुसते पाय हलवले किंवा जागेवर नुसते आपटले तर सुटत नाही. दोन्ही एकदम लागतं. कच्ची गाठ लवकर सुटते, पक्कीलाही कधीतरी सुटायचंच असतं.

म्हणून ग्राउंड_मारतो, मोकळी टोकं लांब ठेवू नकोस. आणि कान करून एकदा गुंडाळतोस तिथं दोनदा गुंडाळ, मग भोकातून काढ. डबल गाठीसारखी ती अडकून बसत नाही, टोक ओढलं की सुटते, जरा जोर लागतो इतकंच.

ज्यांना यात गोडी आहे त्यांच्यासाठी, ऑस्ट्रेलियातल्या इयान फिगेन नावाच्या गृहस्थांनी १९८२ मध्ये एक गाठ काढली. दोन्ही हातांत एकेक फास करून ते एकदमच एकमेकांतून ओवतात. गाठ तीच आपली पक्की, बांधायला मात्र डोळ्याचं पातं लवतं एवढाच वेळ. लेकरांना शिकवायला नको, भरतीच्या पोरांना चालेल. आणि लेस भोकांतून ओवायचं गणित बुर्कार्ड पोल्स्टर या गणितज्ञांनी २००२ मध्ये 'नेचर' या विज्ञानाच्या नियतकालिकात मांडलं. आपण फुलीफुलीनं ओवतो ती आणि सरळ आडवी ओवतात ती, अशा दोन रूढ पद्धतीच सगळ्यात बळकट निघाल्या.

ग्राउंड_मारतो
उभीच पडायली होती. उलटी मारून बघतो उद्या.

आष्टीकर
पळण्याचा विषय निघालाय तर आमच्या आष्टी तालुक्याचं नाव घेतल्याशिवाय कसं राहवेल. मांडव्याचा अविनाश साबळे तीन हजार मीटर स्टीपलचेस पळतो, २८ अडथळे आणि ७ पाण्याच्या उड्या. बूट ओले होऊन पळायचं. २०२२ ला राष्ट्रकुलमध्ये रौप्य, ८ मिनिटं ११.२० सेकंद. ग्राउंड_मारतो, ओल्या लेसनं सराव कर एकदा, कळंल.

वाचनमात्र_परभणी
अवांतर: आर्मेनियातल्या एका गुहेत २००८ मध्ये चामड्याचा एक बूट सापडला, सुमारे साडेपाच हजार वर्षांपूर्वीचा. एका पायाचाच. आत गवत भरलेलं, आणि चामड्याची लेस भोकांतून ओवलेली, जशीच्या तशी.

टवाळ_कार्टं
उभी का आडवी?

सेलूचा_सदा
मी जरा वेगळंच बोलतो. एवढा खटाटोप कशाला? वेल्क्रोचे बूट घ्यायचे. १९५५ ला त्याचं पेटंट झालं. स्वित्झर्लंडमधले जॉर्ज द मेस्त्राल शिकारीहून आले तर कुत्र्याच्या केसांना काटेरी गोंडे चिकटलेले, ते सूक्ष्मदर्शकाखाली बघून सुचलं. आपल्या बांधावर तसले गोंडे ढिगानं आहेत, धोतराला चिकटून घरापर्यंत येतात, आपल्याला काही सुचलं नाही ते सोडा. पण चर्र करून लावलं, चर्र करून काढलं. दिवसातून पाच वेळा बूट काढायचे तर लेस हे सोंग हवंच कशाला? आपला मुलूख दाराशी पादत्राणं काढणारा. देवळात काढा, घरात काढा, वर्गात काढा. लेसचा बूट ज्यांनी काढला ते दिवसभर पायात ठेवणारे लोक.

गोलाईचा_गडी
सदाभाऊ, बोलणं पटतंय. दुकानात येणारी निम्मी माणसं लेस एकदाच बांधतात, दुकानातच. मग वर्षभर पाय कोंबायचा. टाच दबती, आतलं अस्तर फाटतं, आणि "कसला बूट दिला" म्हणून आमच्यावरच येतात. पण वेल्क्रोचं एक हाय. आपली काळी माती आणि कुसळं. एका पावसाळ्यात पट्टीत माती बसली की धरतच नाही. टाचणीनं कोरत बसावं लागतं. लेस काय, धुतली की झाली. तुटली तर नवी घालता येती. १७० रुपयात वेल्क्रोचा टिकणारा बूट मला तरी देता येणार नाही.

सेलूचा_सदा
कुसळांचा मुद्दा मान्य. मातीचा पण. दाराशी काढण्याचा मुद्दा तसाच उभा आहे.

काळी_माती
कुसळ लेसमध्ये बी शिरतंय. गाठ सोडताना बोटात जातं. आडवं धरून नाही, टोकाकडून ओढायचं.

शिवारातले_गुरुजी
दोन दिवस शाळेत गडबड होती, आज जमलं. लेस बघितली, सुती आहे.
आल्या आल्या परिपाठानंतर सगळ्यांना ओळीत उभं केलं आणि वरून पाकळ्या बघत गेलो. ज्यांची रोज सुटते त्यांची झाडून उभी. ज्यांची टिकते त्यांची आडवी. इंजिनियर साहेब, तुम्ही नांदेडला बसून माझा वर्ग बघितल्यासारखं सांगितलंत.

उभ्यावाल्यांना पहिली गाठ उलटी मारायला सांगितली. एवढ्यानं रांग कमी झाली, संपली नाही. फूल अजून मलाच बांधावं लागतंय. मुलींचं मंगलताई म्हणतात तसंच निघालं. तिसरीतल्या बऱ्याच जणींना येत होतं. त्यांना एकेक जण वाटून दिला आहे, शेजारी बसवून, समोर नाही. गोळीचा दर मात्र मी बंद केला, त्यावर गोळीवाल्या बाई नाराज आहेत.

शेवटापासून शिकवायचं सोमवारपासून धरतो. त्याला दोन रंगांच्या लेस लागतील. गोलाईच्या भाऊ, मिळतील का? आणि काही लेकरांच्या लेसच्या टोकाचं प्लास्टिक गेलंय, टोक पिंजून कुंचा झालाय, भोकात जात नाही. त्याला काय करावं?

गोलाईचा_गडी
मिळतील की सर. बुटाला भोकांच्या जोड्या किती ते मोजून सांगा. चार जोड्या असतील तर ७५ ते ९० सेंटीमीटर लागंल, सहा असतील तर ११० ते १२०. मापापेक्षा लांब घेतली की लोंबती आणि पायात येती, आखूड घेतली तर लेकराला कान करायला लेस पुरत नाही. शिकायच्या लेसला थोडी जास्तच लांब घ्या.

टोकाचं म्हणाल तर पॉलिस्टर असंल तर मेणबत्तीवर नुसतं दाखवायचं, वितळून घट्ट होतं, गरम असताना बोट लावू नका. सुतीला ते चालत नाही, जळून जाईल. तिला टोक पाण्यानं ओलं करून पिळायचं आणि वर सेलोटेप दोन वेढे घट्ट गुंडाळायची. वायरमनकडं ती काळी नळी असती, गरम केली की आवळती, ती घातली तर लेस फाटंस्तोवर जात नाही.

हाताला_काम
गुरुजी, टोकं आधी दुरुस्त करून घ्या. पिंजलेल्या टोकानं शिकवलं तर मूल भोकातच अडकतं आणि आपल्याला वाटतं त्याला गाठ जमत नाही.

हवालदार_निवृत्त
गुरुजी, एवढं सगळं वाचून मी नातवाची डबल गाठ सोडली. दोनदा गुंडाळायची शिकवतोय. त्याला आवडली, मला अजून पटली नाही.

शिवारातले_गुरुजी
चार जोड्या आहेत, मोजल्या. काळी आणि पांढरी मिळाली तर बरं, गणवेशात खपून जाईल.

गोलाईचा_गडी
पांढरी घेऊ नका सर. औश्याकडची माती, आठ दिवसांत दोन्ही काळ्या, मग कोणती कोणती ते तुम्हालाच कळणार नाही. लाल-पिवळी बांधून ठेवतो. शिकणं झालं की काढून काळी ओवा, मुख्याध्यापकांना तसं सांगून ठेवा. शनिवारी या, रविवारी गोलाईत पाय ठेवायला जागा नसती.